अक्षराची उंची मोजलीत, आता अक्षरही बघा

प्रति,
मराठी भाषा विभाग, महाराष्ट्र शासन
आणि बृहन्मुंबई महानगरपालिकेच्या दुकाने व आस्थापना खात्यातील अधिकारी

स. न. वि. वि.

मी लालबागचा बोर्ड रंगवणारा. हल्ली हात थरथरतो, तेव्हा ‘होतो’ म्हणायला हवं; पण आमच्याकडे पेंटर रिटायर होत नाही, फक्त शिडीवर चढायचं बंद करतो. सतराव्या वर्षी ब्रश धरला. १९९८ साली कर्ज काढून कॉम्प्युटर घेतला. आता पुतण्याच्या फ्लेक्सच्या दुकानात कोपऱ्यातल्या खुर्चीवर बसून प्रुफं वाचतो. म्हणजे वाचायची असं ठरलंय. प्रत्यक्षात दहातली आठ प्रुफं माझ्या खुर्चीपर्यंत पोचतच नाहीत, व्हॉट्सअ‍ॅपवरून कॉम्प्युटरवर आणि तिथून थेट मशीनवर जातात. हे पत्र त्या आठांबद्दल आहे.

आधी आभार मानतो, कारण मराठी पाट्यांच्या नियमाने आमच्या धंद्याला जेवढं काम दिलं तेवढं निवडणुकांनीही दिलेलं नाही. २०२२ च्या दुरुस्तीने दहापेक्षा कमी कामगार असलेली दुकानंही नियमाखाली आली आणि मराठी अक्षर दुसऱ्या लिपीतल्या अक्षरापेक्षा लहान चालणार नाही असं ठरलं. मग प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं. सप्टेंबर २०२३ मध्ये न्यायालयाने दुकानदारांना दोन महिन्यांची मुदत दिली. ते दोन महिने नेमके दिवाळीचे. आमचं मशीन रात्री दोनपर्यंत चालायचं आणि पुतण्या फराळाचा डबा मांडीवर घेऊन कोरलड्रॉमध्ये पाट्या लावायचा. मी म्हातारा मनातून खूश होतो. सुरुवात केली तेव्हा आमच्या गल्लीत देवनागरी बोर्ड सगळीकडे होते, मधल्या काळात ते दाराच्या वरच्या कोपऱ्यात बोटभर उरले होते. आता पुन्हा पोटापाण्याला लागले.

त्याच दिवाळीत आमच्या दुकानातून एक पाटी गेली. गिऱ्हाईक तीन पिढ्या मुंबईत असलेला व्यापारी, मराठी फर्डं बोलतो, पण लिहीत नाही. त्याने दुकानाचं इंग्रजी नाव मोबाइलमध्ये टाकलं, मराठी करून घेतलं आणि स्क्रीनशॉट पाठवला. नावाच्या शेवटी ‘अँड सन्स’ होतं. मोबाइलने त्याचं ‘आणि मुलगे’ केलं. आमच्या पोराने ते जसंच्या तसं उचललं, लाल अ‍ॅक्रिलिकमध्ये कापलं, मागे एलईडी भरले आणि बसवून आला. मराठी अक्षरं इंग्रजीपेक्षा दीड इंच मोठी, म्हणजे पाटी नियमात चोख. चार महिने ती तशीच लखलखत होती. चूक आमची होती, हे आधीच कबूल करतो. नंतर मी स्वतः जाऊन बदलून दिली, पैसे न घेता. पण त्या चार महिन्यांत ना मालकाने, ना त्याच्या मुलग्यांनी, ना रस्त्यावरून जाणाऱ्या कुणी ती खटकल्याचं सांगितलं. मला त्याची रुखरुख जास्त आहे.

मला काय म्हणायचंय ते इथेच सांगून टाकतो. कॉम्प्युटरने अक्षर बिघडवलं, असं मी म्हणत नाही. कॉम्प्युटरने मधला वाचणारा माणूस काढून टाकला.

बोर्ड लिहायची पद्धत सांगतो, म्हणजे कळेल. पेंटर आधी नाव कागदावर मागायचा. गिऱ्हाइकाला लिहिता येत नसेल तर तोंडी घ्यायचा, दोनदा म्हणवून. मग सुतळीला खडू फासून दोन पोरांनी ती पत्र्यावर ताणून धरायची आणि मधोमध चिमटीत उचलून सोडायची. टण्ण. पांढरी सरळ रेघ उमटते. इंग्रजी कॅपिटल अक्षरांना अशा दोन रेघा पुरतात. आपल्याला शिरोरेषेच्या वर मात्रा, वेलांट्या, रफार आणि पायाखाली उकार, ऋकार, जोडाक्षरांची उतरंड, अशी दोन्हीकडे मोकळी जागा ठेवावी लागते. ती किती ठेवायची हे नाव वाचल्याशिवाय ठरत नाही. ‘कमल’ असेल तर वर-खाली काहीच नको, बिनधास्त मोठं काढा. ‘मैत्री ट्रॅव्हल्स’ असेल तर आधीच आक्रसून घ्या. ‘आधी नाव वाच, मग रेघ मार’ हे माझ्या उस्तादांचं पहिलं वाक्य. दुसरं वाक्य टर्पेंटाइन वाया घालवू नकोस, हे होतं.

पुढे प्रत्येक अक्षर काढायला पाच-सात मिनिटं जायची. एखाद्या नावासोबत पाच-सात मिनिटं गुणिले अक्षरांची संख्या एवढा वेळ काढला की चूक तुम्हाला शोधत येते. तेवढ्यात खाली उभा राहून चहा पिणारा कुणीतरी ओरडायचाच, ‘पेंटर, दुसरी वेलांटी!’ तरी चुका व्हायच्या. ‘शुध्द शाकाहारी’ मी स्वतः कितीतरी हॉटेलांवर लिहिलंय, द्ध न लिहिता ध्द. शेडिंगचा सोस असा होता की माझे सुरुवातीचे काही बोर्ड आज समोर आले तर मी रस्ता बदलीन. तेव्हा जुनं ते सोनं, हे गाणं मी गाणार नाही. एवढंच म्हणतो की चूक करणारा माणूस होता आणि त्याला हटकता यायचं.

आता आपल्या नियमाकडे येतो. ‘लहान नको’ म्हणजे कुठून कुठपर्यंत मोजायचं? शिरोरेषेपासून पायापर्यंत, की वरच्या रफारापासून खालच्या उकारापर्यंत? कॉम्प्युटरवर इंग्रजी आणि मराठी दोन्हीला एकच आकडा दिला, समजा दोनशे, तरी मराठी बहुतेक वेळा बारीक दिसतं. कारण त्या दोनशेत वरची-खालची मोकळी जागाही धरलेली असते. मग पोरं काय करतात? मराठी ओळ माउसने पकडून वरून-खालून ताणतात. उंची वाढते, रुंदी तेवढीच. अक्षर उपाशी माणसासारखं दिसायला लागतं, आडव्या रेघा जाड होतात आणि उभ्या त्यामानाने बारीक दिसतात. उंचीचा हिशेब जुळतो. चहाच्या टपरीपासून जवाहिऱ्यापर्यंत शहरात अशी ताणलेली अक्षरं जिथेतिथे दिसतील.

दुसरी भानगड आतली आहे. कॉम्प्युटरच्या पोटात ‘कि’ साठवताना आधी क आणि मग वेलांटी असते. पडद्यावर ती उलट, डावीकडे दिसायला हवी. ही अदलाबदल करायची आणि जोडाक्षरं जुळवायची वेगळी यंत्रणा असते. डिझाइनच्या काही सॉफ्टवेअरमध्ये ती आपण सेटिंगमध्ये जाऊन सुरू करावी लागते. केली नाही तर ‘किराणा’ची वेलांटी क सोडून र च्या डोक्यावर पांघरूण घालते आणि ‘स्टोअर्स’चा रफार खाली उतरून लंगडा र् होऊन वेगळा बसतो. हे ज्याला दिसतं तो दोन मिनिटांत दुरुस्त करतो. ज्याला दिसत नाही, तो छापतो. ज्या पोरांना आम्ही कामाला ठेवतो त्यांच्यातली निम्मी आता मुंबईबाहेरची, मराठी न वाचणारी. मेहनती आहेत, माझा त्यांच्यावर राग नाही. वाचता न येणाऱ्या लिपीची पाटी करायला सांगून पुन्हा त्यांनाच दोष देणं बरं नाही.

नव्वदच्या दशकात श्रीलिपी, आकृती अशी मराठी पॅकेजं आली आणि आमच्यासारख्यांना कॉम्प्युटरवर मराठी लिहिता आलं, त्यांचे उपकार आहेतच. त्या टंकांत, म्हणजे फॉन्टमध्ये, इंग्रजी कळांच्या जागी मराठी अक्षरांचे तुकडे बसवलेले असत. तुमच्या मशीनवर टंक असेल तर मराठी, नसेल तर सगळा मजकूर इंग्रजी अक्षरांची भेळ. त्यावर तोडगा म्हणून आमच्या धंद्यात एक मंत्र रुजला, ‘कर्व्ह करून पाठव.’ म्हणजे अक्षर मोडून त्याची नुसती आकृती करायची, मग ते कुठेही तसंच उघडतं. पुढे युनिकोड आलं, म्हणजे प्रत्येक अक्षराला सगळीकडे एकच ठरलेला क्रमांक, तरी तो मंत्र सुटलेला नाही. पण कर्व्ह केलेलं अक्षर पुन्हा टाइप करून सुधारता येत नाही. चूकसुद्धा कर्व्ह होऊन बसते.

आणि ल. माझ्या वस्तीच्या नावातच दोन आहेत, म्हणून हा विषय घरचा. मराठीचा ल पाकळ्यांचा, हिंदीचा ल उभ्या दांड्याचा. श चंही तसंच, मराठीचं वळण निराळं. शासनाच्याच ६ नोव्हेंबर २००९ च्या निर्णयात मराठी वर्णमालेतली वळणं घालून दिली आहेत. युनिकोडमध्ये मात्र दोन्ही वळणांचा क्रमांक एकच. कुठला ल दिसणार हे टंक ठरवतो. काही चांगल्या टंकांत दोन्ही ल असतात आणि भाषा ‘मराठी’ निवडली की मराठीचा पुढे येतो. ती भाषा निवडतो कोण? आम्ही रोज पाटी लावतो, दांड्याचा ल लावतो आणि बिल करतो. ‘कुरमुऱ्याचं दुकान’ लिहिताना ऱ्या नीट टाइप झाला नाही की होतं ‘कुरमुर्याचं’. आमच्या आजीने तसं म्हटलं असतं तर लोकांनी तिला परगावची समजलं असतं.

यंत्राने अक्षर बिघडतंच, असं कुणी म्हणालं तर मी त्याला आपल्याच शहरातले दाखले देईन. काळबादेवीत जावजी दादाजींचा निर्णयसागर छापखाना १८६९ साली सुरू झाला. यंत्रच होतं ते. पण त्याचे छपाईचे खिळे घडवायला राणोजी आरूंसारखा अक्षराचा जाणकार बसला होता, म्हणून तिथलं देवनागरी आजही डोळ्याला गोड लागतं. विंडोज २००० बरोबर आलेला मंगल टंक र. कृ. जोशींचा. बोरूने लिहिणारा, कविता करणारा, पवईच्या आयआयटीत शिकवणारा माणूस. तो कॉम्प्युटरसमोर बसला आणि लाखो पडद्यांवर देवनागरी उमटलं. मंगल मला बोर्डावर आवडत नाही, तो त्यासाठी केलेलाच नाही. पडद्यावर लहान आकारात वाचायच्या टंकाला आठ फुटांवर टांगलं तर त्यात जोशींचा काय दोष? आमचा पुतण्या तोच टांगतो, कारण आमच्या मशीनच्या यादीत तो आधीपासून आहे.

आणि नाटकांच्या जाहिरातींतली शीर्षकं हाताने काढणारे कमल शेडगे. ज्यांनी तरुणपणी पेपरातलं नाटकांचं पान उघडलंय त्यांना सांगायला नको. नाटकाचं नाव नुसतं बघून कळायचं की रडायला जायचंय की हसायला. शनिवारी शिवाजी मंदिर नाट्यगृहाच्या दारात उभं राहून मी त्यांची शीर्षकं वहीत उतरवून घ्यायचो. एक शीर्षक उतरवायला चहाचे दोन कप लागायचे. ते २०२० मध्ये गेले. आज त्यांच्या वळणाची नक्कल करून देणारी पोरं आहेत, काही तर आयपॅडवर अशी अक्षरं काढतात की मी चष्मा पुसून पुन्हा बघतो. त्यांनी टाकलेली एखादी शिरोरेषा माझ्या चाळीस वर्षांत जमली नाही. साधन बदललं म्हणून हात मेला नाही. पण त्यांच्याकडे पाटी करायला दुकानदार जात नाही. तो येतो आमच्याकडे, चौरस फुटाचा भाव विचारायला.

यात आता एआय आलं. गेल्या गणपतीत शेजारच्या एका मंडळाचा कार्यकर्ता बॅनरची फाईल घेऊन आला. मोबाइलवर दोन ओळी सांगून चित्र करून घेतलेलं. बाप्पा देखणे, मागे सोनेरी महाल, उजेड असा की दिवाळी फिकी पडावी. आणि मधोमध ‘गणेशोत्सव’च्या जागी एक असा शब्द, ज्याला शिरोरेषा होती, मात्रा होत्या, दोन काने होते, पण अक्षर एकही नव्हतं. लांबून बघितलं तर मराठी. जवळ गेलात की कुठल्याच भाषेचं नाही. हे का होतं ते मला पुतण्याच्या मुलीने समजावलं, ती इंजिनिअरिंगला आहे. हे यंत्र शब्द लिहीत नाही, शब्दाचं चित्र काढतं. ढगाचं काढावं तसं, अगणित फोटो बघून. इंग्रजी पाट्यांचे फोटो त्याने ढिगाने पाहिले, देवनागरीचे त्यामानाने थोडे. आताची नवी यंत्रं बरीच सुधारली आहेत, सरळ शब्द नीट काढतात, जोडाक्षराला अजून अडखळतात. म्हणजे चुका कमी होतील. पण मग त्या शोधायला कुणी बसणारही नाही, मला ही भीती आहे.

मी त्या पोराला म्हटलं, बाप्पा राहू दे, नाव मी हाताने काढून देतो, तासाभराचं काम, पैसे नकोत. तो घाईत होता. म्हणाला, ‘काका, कोण वाचतंय?’

बॅनर लागला. त्याच्यासमोर लोकांनी फोटो काढले, दर्शनाच्या रांगेत माझी सूनसुद्धा होती. कुणी वाचला नाही, त्याचं खरंच होतं. मला त्या पोराला उत्तर देता आलं नाही, आणि ते अजूनही जमलेलं नाही, म्हणून आपल्याला लिहितोय. ऑक्टोबर २०२४ मध्ये मराठीला अभिजात भाषेचा दर्जा मिळाला तेव्हा अभिनंदनाचे जे बॅनर आमच्या मशीनवरून गेले, त्यांतल्या एकावर ‘अभिजात’चा भि फुटलेला होता. तो मात्र मी पकडला, कारण त्या दिवशी पुतण्या जेवायला गेला होता.

मागणं फार मोठं नाही. दंड वाढवू नका. छोट्या दुकानदाराला दंडाची भीती दाखवली की तो माझ्याकडे आणखी घाईने येतो, आणि घाईतली पाटी कशी असते ते वर लिहिलंच आहे. त्याऐवजी मोजायचं कुठून ते एकदा चित्र काढून सांगा. शिरोरेषेपासून पायापर्यंत, वरच्या-खालच्या चिन्हांना सोडून, असं माझं मत. सुलेखन शिकवणारे याहून नेमकं सांगतील, त्यांना विचारा. ज्या कागदावर नियम सांगता त्याच कागदाच्या मागे मराठी ल, श आणि ऱ्या छापा, योग्य आणि अयोग्य शेजारीशेजारी. आमची पोरं मराठी वाचत नसतील, पण दोन चित्रांतला फरक त्यांना चांगला कळतो, तोच त्यांचा धंदा आहे.

टंक विकत घ्यायचे नाहीत, ते आहेतच. राज्य मराठी विकास संस्थेचे यशोमुद्रा आणि यशोवेणू आहेत. आपल्याच मुंबईतल्या ‘एक टाइप’ नावाच्या, टंक बनवणाऱ्या मंडळींनी केलेले मुक्ता, बलू, मोदक फुकट उतरवून घेता येतात. त्यातला मोदक तर बोर्डासाठीच जन्मल्यासारखा गुबगुबीत आहे, मिठाईच्या दुकानाला लावून बघा. आमच्या दुकानाच्या मशीनवर यांतला एकही नव्हता, मी नातीकडून घालून घेतला. लालबागच्या गल्लीतल्या फ्लेक्सवाल्याला हे कळायचं कुठून? वॉर्ड ऑफिसात एक पेन ड्राइव्ह ठेवला तरी भागेल.

आणि शेवटचं, खरं तर पहिलं. एक फोन नंबर द्या, ज्यावर दुकानदार पाटी छापायच्या आधी मजकूर पाठवील आणि दुसऱ्या दिवशी कुणीतरी मराठी वाचणारा माणूस ‘बरोबर’ किंवा ‘हे असं करा’ एवढं कळवील. यंत्राकडून तपासून घेतलं तरी चालेल, पण उत्तर पाठवायच्या आधी माणसाने एकदा डोळा घालावा. या शहरात छापखाने बंद झाल्यावर घरी बसलेले मुद्रितशोधक आहेत, निवृत्त शिक्षक आहेत. त्यांच्यातल्या कित्येकांना दुपारी काय करावं हा प्रश्न असतो, आणि दुकानाच्या पाट्यांवरच्या चुका ते आजही फुकट काढत फिरतात, फक्त ऐकणारा कुणी नसतो. मी स्वतः आठवड्यातले दोन दिवस द्यायला तयार आहे. मानधन नको, चहा चालेल.

आमच्या स्वतःच्या दुकानाची पाटी अजून पत्र्याची आहे, १९८१ साली माझ्या उस्तादांनी रंगवलेली. इनॅमल उडालंय, ‘लालबाग’मधला दुसरा ल फक्त जवळून दिसतो. पुतण्याला तिथे एलईडीची हवीय आणि त्याचंही बरोबर आहे, रात्री आमचं दुकान अंधारात जातं. मी हो म्हटलं, एका अटीवर की अक्षरं मी कागदावर काढून देणार, तो स्कॅन करून कापणार. तीन आठवडे झाले. नाव झालं, पत्ता झाला. पहिला ल बरा आलाय. दुसरा अजून गिरवतोय, पाकळी उजवीकडे जरा जास्त फुगते. पुतण्या रोज विचारतो, काका, झाला का?

आपला,
लालबागचा एक पेंटर